हरवलेली पाटी

कादंबरी चारशे बारा पानांची.
चित्रपटातलं उरलंय ते चार मिनिटं, वर काही सेकंद.
डबा उघडला की आधी कापराचा वास येतो,
मग कुजलेल्या मोज्यांचा.
लॉ कॉलेज रस्त्यावरच्या थंड खोलीत
मी हातमोजे घालून उलगडते
एकेक चौकट.

गड म्हणजे पर्वतीच्या पायऱ्या.
नीट पाहिलं तर मोगलांच्या वेढ्यातून
एक कुत्रं निवांत वर चढून जातं.
त्याला कुणी हटकत नाही.

किल्लेदारीणबाई कड्याच्या टोकाला.
कंपनीच्या खर्चाच्या वहीत नोंद आहे:
बाईंचे काम, दगडू काळभोर, रोज अकरा आणे,
मिशी काढल्याबद्दल जादा सव्वा रुपया.
मिशीची जागा अजून फिकट दिसते,
त्यावर नथ.

तोंड हलतं.
आता पाटी यायला हवी,
पण पाटीच्या जागी नुसता
चिकटून बसलेला काळा गोळा.

कादंबरी शनिवारातल्या वाचनालयातून आणली.
वाळवीनं समास खाल्लाय, मजकूर शाबूत.
पान तीनशे नव्वद. बाई बोलू लागतात
आणि वाक्य पान उलटून जातं;
वाटेत कुलदैवत, दोन उपमा,
एक संस्कृत चरण, सात अर्धविराम.
दगडूचं तोंड मात्र पाच-सहा वेळा उघडतं,
संपलं.

आमच्या गल्लीत शकूताई ताटके ब्लाऊज शिवतात.
जन्मापासून ऐकू येत नाही,
ओठ वाचण्यात हातखंडा.
त्यांना आणलं, खुर्ची दिली.
सहा वेळा पाहिलं त्यांनी, काही बोलल्या नाहीत.
सातव्यांदा हसल्या,
मापाच्या वहीचं पान फाडून लिहिलं:
ऊन चाललंय. आटपा.

मी पुन्हा लावलं.
खरंच, त्याच्या पदरावरून
तिरीप सरकत होती.
खालचे चाळीस मोगल चुळबुळत होते,
भाड्याच्या तलवारी
दिवेलागणीआधी परत करायच्या असणार.

कार्यालयाला पाटीसाठी मूळ मजकूर हवाय.
मी कादंबरीतलं वाक्य टंकून दिलं,
साती अर्धविरामांसकट.
चिठ्ठी डब्यात ठेवली,
झाकणाच्या आत, नोंद न करता.

शेवटच्या चौकटींत तो
हात कपाळाशी धरून सूर्याकडे बघतो,
बाईसारखा नाही,
रानातून घरी निघालेल्या माणसासारखा.
मग पदर खोचतो
आणि उडी टाकतो.