जिना, तीन युनिट

मार्च एकशे अठ्ठावीस.
एप्रिल एकशे चौतीस.
मे एकशे एकतीस.
शंभराच्या आतला दर वेगळा, वरचा वेगळा,
आणि आमचा आकडा काही
त्या उंबऱ्याच्या आत पाय टाकत नाही.

एकतीस वर्षं भोसरीला स्टोअरकीपर होतो.
एक वायसर कमी भरला
तरी रात्री झोप यायची नाही.
तेव्हा कॅलेंडरचं मेचं पान उलटं करून मांडलं:
फ्रिज तेहेतीस (जुना आहे, धापा टाकतो),
पंखे सव्वीस, टीव्ही आठ, दिवे सात,
इस्त्री सहा,
वॉशिंग मशीन, मिक्सर मिळून अकरा.
एक्याण्णव.

मग वरचे चाळीस कोण खातं?

फ्रिज भिंतीपासून चार बोटं पुढे ओढला.
टीव्हीचा लाल डोळा रात्री मिटवू लागलो.
पुतणीच्या साखरपुड्याला
चुरगळलेल्या शर्टात गेलो, प्रमिला
आख्ख्या हडपसरभर माझ्याशी बोलली नाही.
आकडा जागचा हलला नाही.

शेवटी एका रविवारी दुपारी
घरातलं एकूण एक बटण बंद केलं,
फ्रिजची पिन काढली,
आणि खाली मीटरच्या खोलीत जाऊन बसलो.
फोनवर प्रमिला: ‘सगळं बंद आहे, घाम पुसतेय.’
आणि समोर, आमच्या नावाच्या मीटरवर,
लाल ठिपका लुकलुकला.
मोजले. वीस सेकंदांनी पुन्हा.
घरात काहीच चालू नाही
आणि कुणीतरी शांतपणे जेवतंय.

वायर शोधत वायरमन जिन्यात पोचला.
दुसऱ्या मजल्याच्या वळणावरची ट्यूब.
चाळीसची नळी, वर चोकचे पंधरा,
बटण नसलेली, अहोरात्र.
एकोणनव्वद साली बिल्डरच्या माणसाला
आमचीच वायर जवळ पडली असावी.

तिच्याच खाली माझ्या अक्षरात,
लॅमिनेट करून चिकटवलेली सूचना:
‘दिवसा ट्यूब जळते. पैसे कोणाचे जातात,
याचा सभासदांनी विचार करावा.’
प्रमिलाने ती मोठ्याने वाचली. दोनदा.

चाळीस गुणिले बारा गुणिले पस्तीस:
सोळा हजार आठशे युनिट.
सेक्रेटरी केळशीकर म्हणाले,
ठराव मांडावा लागेल, पुढच्या सभेत बघू.
मी वायरमनला म्हटलं, कापा.

त्या रात्री साडेअकराला
दवाखान्यातली दुसरी पाळी करून
तांबोळ्यांची रेश्मा आली.
तिची चप्पल मला ओळखता येते हे
मला माहीत नव्हतं.
पहिला मजला, चट् चट्,
मग वळणावर थांबली.
भिंतीवरून हात फिरल्याचा आवाज.
डबा कठड्यावर आपटला.
पस्तीस वर्षं त्या वळणावर
कुणीच थांबलं नव्हतं.

सकाळी अप्पा बळवंत चौकापर्यंत गेलो,
कामं दुसरीच होती,
येताना नऊ वॅटचा एलईडी घेतला.
वायर पुन्हा जोडली.
बटण आमच्या दाराच्या आत,
संध्याकाळी सात ते पहाटे सहा.

जून: चौऱ्याण्णव.
पानावर खाली एक ओळ वाढवली आहे,
‘जिना, ३’.
सूचना काढायला गेलो तर
चिकटपट्टीबरोबर भिंतीचा रंग आला.
केळशीकर विचारतात, ठरावाचं काय?
बघू म्हणतो.

साडेअकराला चप्पल वळण घेऊन
न थांबता वर जाते.
मग मी कूस बदलतो.