नावांच्या यादीत अकरावा

माझं काम एवढंच होतं:
कप कुठल्या हातात होता ते लिहून ठेवायचं.
सिगारेट किती जळली, टोपी कुठल्या खुंटीवर,
मेलेल्या मामांच्या डाव्या बुटाची नाडी
सुटलेली की बांधलेली.
गळ्यात स्टॉपवॉच, मांडीवर वही,
आणि अ‍ॅक्टनच्या त्या पत्र्याच्या स्टुडिओत
बारा महिने पायात दोन-दोन मोजे.

हीरो माझ्या लक्षात राहिले नाहीत.
देखणे होते, विष वेळेवर कालवायचे,
गाडीतून यायचे, गाडीतून जायचे.

लक्षात राहिला होरेस टिंडल.
तो प्रेतं न्यायला यायचा.
दार उघडलं की टोपी उजव्या हातात, छातीशी,
ओठांवर सांत्वन,
आणि नजर, अजून धडधाकट असलेल्या आत्याबाईंच्या
उंचीवर.

मोजपट्टी त्याची स्वतःची. बाप शिंपी होता.
डायरेक्टर म्हणाला, आत ये, मोज, जा.
होरेस आत आला. मोजू लागला.
आणि मयताच्या नाकावर एक माशी बसली.
होरेसने ती टोपीने हळूच वारली
(वारली म्हणजे हाकलली; मेली नाही)
आणि मान किंचित झुकवून
तिचीही क्षमा मागितली.

कॅमेरामन इतका हसला की चित्र हललं.
पुन्हा घेतलं. माशी काही आली नाही.
होरेसने, ती आहेच असं धरून,
सगळं तसंच केलं.
पडद्यावर आहे तो हा दुसरा टेक.
लोक आजही शपथेवर सांगतात, माशी पाहिली.
माझ्या वहीत नोंद आहे: माशी – नाही.

कॅन्टीनमध्ये हीटरजवळचं टेबल त्यांचं.
एनिड स्क्वायर्स, जन्मभर बहिरी घरमालकीण,
जिला प्रत्यक्षात सगळं ऐकू यायचं,
पगाराचं तर भिंतीपलीकडूनही.
लायनेल ओल्ड, खुनी कधीच न सापडणारा हवालदार;
गणवेश न काढता चहा प्यायला बाहेर पडला
की लोक त्याला पत्ता विचारत,
आणि तो सांगे. ठामपणे. चुकीचा.

एका हिवाळ्यात फ्लूने काम बंद पडलं,
तेव्हा मी जुन्या वह्या काढून बेरीज केली.
एकोणीस चित्रपट.
होरेस टिंडल: एकेचाळीस मिनिटं, बारा सेकंद.
त्याला सांगितलं. वाटलं, खट्टू होईल.
बिस्किट चहात बुडवून तो विचार करत राहिला.
बिस्किट तुटून तळाला गेलं.
मग म्हणाला, "ते वरचे बारा सेकंद कुठले?"

त्रेसष्ट सालच्या जानेवारीत, नळ गोठलेले असताना, तो गेला.
हॅमरस्मिथ, तिसरा मजला, गोल वळणाचा जिना.
दुसऱ्या वळणावर पेटी अडकली.
वर जाईना, खाली येईना.
लायनेल खालून सूचना देत होता. ठामपणे.
एनिडने "काय? काय झालं?" विचारलं,
आणि पहिल्यांदा ते खोटं वाटलं नाही.
विनिफ्रेड टिंडल वरच्या पायरीवर बसली,
पदोपदी पुसून लाल झालेलं नाक रुमालात धरून,
आणि म्हणाली, "एकोणीस वेळा नेली याने,
कठड्याला ओरखडा नाही!"
आणि हसली. मग आम्हालाही आवरेना,
शेजारची बाई दार किलकिलं करून
आमच्याकडे बघून ते लावून घेईपर्यंत.

सवयीने माझं बोट बटणावर गेलं होतं.
सहा मिनिटं, चाळीस सेकंद.
इतका मोठा सीन त्याला कुणीच दिला नव्हता.

पेटी सुटली तेव्हा
कंपनीचा नवा पोरगा, विशीचा,
टोपी छातीशी धरून खाली मान घालून उभा होता.
कुठे शिकला ते विचारायची गरज नव्हती.
फक्त हात डावा होता.
मी जाता जाता हळूच म्हटलं, "उजव्या हातात, बाळा."
का, असं न विचारता
त्याने टोपी बदलली.