वल्हेकऱ्यांचा मेहुणा

दोन नद्यांच्या मधला कोरडा पट्टा माझा.
मालकीचा नव्हे, खांद्याचा.
होडी पाण्यातून वर घ्यायची,
ओंडक्यांना अस्वलाची चरबी फासायची
आणि ओढायचं, सूर्य कलेपर्यंत.
झाडांतून होडी चालताना पाहून
खारीसुद्धा गप्प होतात.

ते सरोवराकडून आले, प्रवाहाविरुद्ध.
पलीकडचे चूद लोक त्यांना नुसतं 'वल्हेकरी' म्हणायचे.
आम्ही चूदांचा तो शब्द उचलला, चघळला,
रूस म्हटलं.
आता तेच नाव आमच्याही अंगावर आहे,
दुसऱ्याच्या सदऱ्यासारखं,
बाह्या जरा लांब.

जमावात म्हातारे सांगतात, आपणच त्यांना बोलावलं,
आपसात भांडून थकलो होतो म्हणून.
असेल.
मला बोलावणं आठवत नाही.
मला कुत्री आठवतात,
आणि बाप, सरपणाखाली मेणाच्या ढेपा लपवणारा.

त्यांच्यातला एक राहिला. ह्रोल्लाव.
नावाच्या आरंभी तो एक श्वास सोडायचा,
आमच्या जिभेला तो काही वळेना.
माझ्या बहिणीने, नेझ्दानाने,
माशाची खवलं काढावीत तसा तो श्वास खरवडून टाकला.
रुलाव, म्हणाली, आणि घरात घेतलं.

गडगडलं की तो हातोड्याच्या देवाला हात जोडी,
आम्ही कुऱ्हाडीच्या.
वीज एकच पडायची,
बहुधा माझ्याच कुंपणावर.

वाईट माणूस नव्हता.
शिंगाचे कंगवे कोरायचा, बर्फात माझं लाकूड फोडायचा.
पण त्या पानगळीत त्याच्या भाऊबंदांची होडी आली,
कातड्यांनी झाकलेली, बुल्गारांच्या बाजाराला निघालेली.
मी दोर खांद्यावर घेतला.
कातड्यांना असतं त्याहून वजन जास्त होतं.
वजन मला कळतं, दुसरं काही कळत नाही.
अर्ध्या वाटेवर आतून कुणीतरी खोकलं.

कुंभाराची दोब्रूषा तसं खोकायची.

मी थांबलो नाही.
लिहिता आलं असतं तरी हे मी लिहिलं नसतं:
मी थांबलो नाही.
पलीकडच्या पाण्यावर त्यांनी मला चांदीचं नाणं दिलं,
कात्रीने अर्धं केलेलं.
त्यावर कुठल्या वाळवंटातली अक्षरं होती,
देणाऱ्याला वाचता येत नव्हती, घेणाऱ्यालाही नाही.
कुंभार अजून मडकी करतो.
मी त्याच्याकडून विकत घेत नाही,
लांबच्या गावातून आणतो, वाटेत निम्मी फुटतात.

भाचा मोठा झाला. केस बापाचे, शिव्या माझ्या.
बापाची भाषा त्याच्यात उतरली नाही.
उतरले ते चार शब्द, ते तर गावभर झाले:
नांगर, जो नदीत टाकतात.
पेटी, जिला कुलूप असतं.
खारवलेला हेरिंग.
आणि चाबूक.
आता बायका पोरांना दटावतात तेव्हा
तो चाबूक आमच्याच आजीचा असल्यासारखा उच्चारतात.

परवा रुलाव गेला.
तीन रात्री तापात बडबडत होता, सगळं त्या जुन्या भाषेत,
चाळीस वर्षं कुठे ठेवली होती कोण जाणे.
नेझ्दाना त्याचे ओठ ओले करत राहिली.
एकच शब्द पुन्हा पुन्हा,
सुरुवातीला तोच श्वास.
भाचा मला म्हणाला, मामा, तू एवढ्या होड्या ओढल्यास,
बाबा काय मागतोय सांग.

मी कान त्याच्या तोंडाशी नेला.
नांगर नव्हता. पेटी नव्हती.
मासाही नव्हता, चाबूकही नव्हता.

पाणी मागतोय, मी म्हणालो.
पाणी पाजलं.
प्यायला, आणि पुन्हा तोच शब्द म्हणाला.