टाकी लावलेली बशी

मांस अर्धा तास फ्रीझरमध्ये ठेवायचं,
पुरतं गोठू द्यायचं नाही,
मग सुरी नीट चालते, काप कागदासारखे पडतात.
हे कुरामोतोबाईंनी सांगितलं, चाकणला, जेवणाच्या सुट्टीत.
दिवसभर मी त्यांचं बोलणं मराठीत आणायची.
एवढं एकच माझ्यासाठी होतं,
पुढे कुणाला सांगायचं नव्हतं.

कॅम्पात रॉनी विचारतो, काळी पिशवी देऊ?
सगळ्यांनाच विचारतो तो.
मी म्हणते, दे कुठलीही.
तरी विश्रांतवाडीच्या बसमध्ये
पिशवी मांडीवर घेऊन बसते,
कुणाचं तरी मूल सांभाळायला घेतल्यासारखी.

सोया सॉस कोपऱ्यावर मिळतो आता.
मिरीन मिळत नाही, मिळालं तर परवडत नाही,
त्याऐवजी दोन चमचे काकवी.
साकेच्या जागी थर्टीफर्स्टची उरलेली वाइन,
जिला बापू खोकल्याचं औषध म्हणतात.
आंबेमोहोर, जरा जास्त पाण्याचा, चिकटसर.
कोबी केसासारखा चिरून, कच्चाच.

मग आलं. दोन बोटं, साल चमच्याने खरवडून.
इथे मिक्सर चालत नाही.
बाईंनी परत जाताना दिलेली बशी काढायची:
पांढरी, चिनीमातीची, तळहाताएवढी,
मधे बारीक काटे, कडेने रसासाठी पन्हळ.
आलं गोल गोल फिरवलं
की रस खाली उतरतो, दोरे वर राहतात.

एवढ्यात खालच्या ठुसेबाई वाटी परत द्यायला आल्या.
काय गं, छान वास सुटलाय.
म्हटलं, जपानी.
अय्या, जपानी! म्हणत खुशीत जिना उतरल्या.
जपानी म्हटलं की
मांस कुणाचं ते विचारत नाहीत.

मला तीन शब्द येतात.
डुक्कर शाळेत भेटलं, मधल्या सुट्टीत, माझं नाव म्हणून.
बुता परीक्षेसाठी घोटलं, वहीभर लिहून.
पंदी कुणी शिकवलं नाही.
ते घरातच होतं, रामटेकडीच्या चढावर,
दर रविवारी, तीन दगडांवर.
केस जाळल्याचा वास वस्तीभर,
शिजायला दुपार कलायची,
आणि सोमवारी मी गणवेश
आधी हुंगायची, मग घालायची.

तवा सणसणीत तापला.
काप पसरले, हलवले नाहीत.
कडा तपकिरी झाल्या तसा कांदा,
मग रस, सॉस, काकवी, औषध, सगळं एकदम.
चर्रर्र.
खिडकी उघडायला हात गेला.
उघडीच होती.

शिजलंय का नक्की? बापू म्हणाले.
शिजलंय.
एवढ्यात?
कोबी ताटाच्या कडेला सारला, हे शेळीला दे म्हणाले,
आपल्याकडे शेळी कधीच नव्हती.
नाव काय याचं?
शोगायाकी.
त्यांनी ते म्हणून पाहिलं नाही.
भात मात्र दोनदा घेतला,
दुसऱ्यांदा रस्सा ओतून, तवा वाकडा धरून.

हात धुवायला उठले ते मोरीपाशीच थांबले.
बशी दिसली होती.
घणाने बिघडलेला अंगठा, नख नसलेला,
काट्यांवरून सावकाश फिरवला, आधी उभा, मग आडवा.
ट्यूबलाइटकडे धरून बघितली.
चाळीस वर्षं दारोदार
लोकांच्या पाट्या-वरवंट्यांना टाकी लावलेला माणूस.

बरी लावलीय, म्हणाले. हात सारखा आहे.
कुठला माणूस आहे हा?

माहीत नाही.
बाईंना मी काय काय विचारलं होतं,
मशीनचे सुटे भाग, नाकारलेल्या मालाची कारणं,
त्यांच्या आईचा गुडघासुद्धा.
भाषा आली,
हे विचारायचं मनात नाही आलं.

बापूंनी जुना टूथब्रश घेतला
आणि अडकलेले आल्याचे दोरे काढत बसले,
काट्यांच्या कलाने, उलट नाही.
बोथट झाली की सांग, म्हणाले,
हत्यारं आहेत अजून माळ्यावर.

चिनीमातीवर टाकी चालत नाही.
पहिल्याच घावाला फुटेल.

सांगेन, म्हटलं.