सातवं अक्षर

एक्स-रे खिडकीच्या काचेवर धरून
पटवारी डॉक्टर एवढंच म्हणाले, "निखळलाय,"
आणि हात धुवायला गेले.
गोळा वाटीबाहेर, हाडांपेक्षाही पांढरा,
शाळेच्या जुन्या फोटोत
एकट्याच पोराच्या अंगात नवा सदरा असावा तसा.

इंदरबाई सोनकांबळे, बासष्ट,
किल्ल्यामागची गल्ली, उदगीर.

दिवसा मी इथं पावत्या फाडते.
शनिवारी लातूरला क्लास,
आजाराला आकडा लावायचा.
रात्री डाळमिलची घरघर थांबली
की दिवसातली एक फाईल आठवायची
आणि वहीत तिचा कोड काढायचा, सरावाला.

पुस्तक आधी विचारतं, सांधा कुणाचा?
आईच्या पोटातून आणलेला असेल तर 'एस'चं पान,
डॉक्टरनं बसवलेला असेल तर 'टी'चं.
दुपारी मी तिलाच विचारलं होतं,
"मावशी, खुबा तुमचाच की बसवलेला?"
"माझाच की गं. दोन साल झाले.
भाड्यानं आणलाय का?"

टी चौऱ्याऐंशी. टिंब.
शून्य म्हणजे बसवलेलं बिघडलं,
दोन म्हणजे जागेवरून सुटलं.
मग उजवा की डावा.
इथं निम्मा वर्ग चुकतो,
कारण एक्स-रेत तिचा डावा
आपल्या उजव्या हाताला येतो.
मी वहीकडे पाठ करून तिच्यासारखी उभी राहिले,
डाव्या खुब्यावर हात ठेवला.
एक.

पुढं पुस्तकाला हवं असतं, काय करताना?
डॉक्टरांनी ते लिहिलं नव्हतं.
तिनं सांगितलं होतं, सलाईनची सुई शिरताना.
शेजारच्या शबानाचं लेकरू, नऊ दिवसांचं.
"त्या पोरीला माय न्हाई. कोन न्हाऊ घालील?
पाटावर बसले, पाय लांब केले,
लेकरू नडग्यांवर पालथं घेतलं,
पानी घालाया वाकले
अन् आत खट्कन वाजलं."

खाली बसायचं नाही, वाकायचं नाही,
तिच्या कार्डावर मीच लिहून दिलं होतं,
लाल पेनानं, खाली दोन रेघा मारून.
"कार्ड ट्रंकेत हाय," ती म्हणाली.
"लेकरू समोर व्हतं."

डोळ्यांपुढं अंधारी आली
तरी तिनं आधी लेकराच्या मानेचा साबण धुतला,
फडक्यात गुंडाळलं,
"शबाना, घे गं," म्हणाली
आणि मग ओरडली.

हे काही पुस्तकात नसणार
म्हणून पानं उलटत गेले.
होतं.
वाय त्र्याण्णव, टिंब, एफ एक:
दुसऱ्याची काळजी घेताना, आंघोळ घालणे.
सातासमुद्रापलीकडे कुणीतरी टेबलाशी बसून
हे लिहून ठेवलं होतं.
पाट नव्हता, नडग्या नव्हत्या,
धुरीचा ओवा नव्हता.
आंघोळ होती.
मी ती ओळ बोट ठेवून पुन्हा वाचली.

राहिलं सातवं अक्षर.
'ए' म्हणजे पहिली भेट,
'डी' म्हणजे नंतरची.
ती तर तिसऱ्यांदा आलेली,
संक्रांतीला एकदा, उन्हाळ्यात एकदा.
मी 'डी' लिहिलं.
शनिवारी सरांनी त्यावर गोल केला:
निखळलाय, परत बसवायचाय,
म्हणजे उपचार नव्यानं सुरू.
दहाव्यांदा आली तरी 'ए'.

सोमवारी ती घरी निघाली.
भूल देऊन पाय ओढला होता,
गोळा वाटीत गेला होता.
रिक्षात तिला टेकवताना मी म्हटलं,
"आता पाटावर बसायचं नाही, मावशी."
"किती दिस?"
"कधीच."

पहिल्यांदाच ऐकल्यासारखी
ती माझ्याकडं बघत राहिली.
रिक्षावाल्यानं हँडल ओढलं.
"मंग तू ये सांच्याला," ती म्हणाली,
"तू बस पाटावर.
पानी किती कोमट, ते मी
खुर्चीवरून सांगते."