कोण लागतो

सोहारमध्ये, मासळीबाजाराच्या मागे
फॉर्म भरून देण्याचं दुकान. दुसरं टेबल माझं.
एसीचं पाणी बादलीत ठिबकतं,
आणि ती ओतायची कुणी, यावर रोज भांडण.

गुरुवारी इस्माईल बिजले आला, दाभोळचा.
बंदरात क्रेन चालवतो.
त्याच्या खोलीतला गंगाराम नाचणकर
मंगळवारी गेला. ऊन लागलं, म्हणाले.
इस्माईलला त्याची पेटी हवी होती, घरी पोचवायला.

फॉर्मवर एक शब्द आडवा आला: अ‍ॅपरटेन.
मयताला 'अ‍ॅपरटेन' होणाऱ्या वस्तू.
संबंधित, मी सांगितलं.
म्हणजे? इस्माईल म्हणाला.

डिक्शनरी आहे, माझ्याच टेबलाच्या पायाखाली.
काढली तसं टेबल डुगडुगलं.
लॅटिन, ती सांगते. आत एकच धातू: धरणे.
हातानं धरतात तसं.
त्याला आधी 'आरपार' जोडलं, मग त्याच्याही आधी 'कडे'.
शेवटापर्यंत धरत धरत कुणाकडे तरी पोचणं.
पुढे फ्रेंचांनी नेला, वकिलांनी इस्त्री केली.
टेनंटही ह्याच धातूचा.
म्हणजे आम्ही सगळे,
दर दोन वर्षांनी शिक्का मारून घेणारे.

पलीकडून उस्मान, सुदानचा,
अरबीत यखुस्स, म्हणाला.
त्याच घरातला एक शब्द आमच्याकडे कधीच येऊन राहिलाय.
पाहुण्यापुढे बासुंदीची वाटी सरकवताना म्हणतो आम्ही,
तुमच्यासाठी खास.

पण नात्याचा रकाना राहिलाच.
विचारावं लागलं, आपल्यात विचारतात तसं:
तो तुमचा कोण लागतो?

बोट धक्क्याला लागते.
भूक लागते, कुणाला कुणाची सवय.
ऊनही लागतं.

इस्माईल बराच वेळ गप्प.
अकरा वर्षं एक खोली, म्हणाला. एक कुकर.
त्याच्या मुलीच्या बारशाचे पेढे मी वाटले इथे.
माझ्या रोज्यात तो पाणी जिन्यात जाऊन प्यायचा,
सांगितलं नव्हतं कुणी.
कोण लागतो ते काय सांगू?
पेटीची दुसरी किल्ली माझ्याकडे असते.

रकाना दोन बोटं रुंद.
मी भाऊ लिहिलं.
उस्माननं दोन्ही नावं वाचली,
चष्मा काढून पुसला, परत वाचली,
शिक्का मारला.

जाताना इस्माईलनं कागद दोन्ही हातांनी धरला होता.
शाई ओली होती म्हणून.