आकान

मलय क्रियापदाला काळ नसतो.
करतो, केलं, करेल, सगळं एकच.
आधी 'आकान' लावला
की भविष्य सुरू.

हुकमात तो शब्द चारदा होता.
मुस्तकीम बिन यूनुस, भूगोलाचे मास्तर,
हे आकान, ते आकान.
काय केलं, याला रकानाच नव्हता.
दोन वर्षं स्थानबद्ध.
मी टाइप केलं. पगार त्याचाच.

सल्लागार मंडळापुढे त्यांनी विचारलं म्हणे,
न केलेल्या गोष्टीला
साक्षीदार आणू कुठून?
मंडळाने चहा मागवला.

कोर्टात वकीलबाई एवढंच बोलल्या:
हुकमावर तारीख नाही.
खरंच नव्हती. फीत संपत आलेली,
शेवटची ओळ उमटलीच नव्हती.
न्यायाधीशांनी कागद उजेडाला धरला
आणि माणूस सुटला.
घरी कुणाला सांगितलं नाही,
पण त्या रात्री मी दोनदा भात वाढून घेतला.

गुरुवारी कामुंतिंगच्या फाटकाबाहेर
रोहायू त्यांचे बूट घेऊन उभी,
नाड्या आधीच ओवलेल्या.
उजवा पाय आत गेला.
डाव्याच्या आधी जीप आली,
नवा हुकूम घेऊन.

तोही माझ्याच हातचा.
बुधवारी संध्याकाळी साहेब स्वतः आले होते,
कोरी फीत टेबलावर ठेवली,
म्हणाले, या वेळी तारीख नीट बघ.

बघितली.
उद्याची होती.